बायकांचे स्टेशन होते, त्याचे काय झाले?



गेल्या महिन्यात आमच्या वस्तीतल्या गटात विषय निघाला, आपले स्वतःचे रेडिओ केंद्र काढता येईल का? एकीने लगेच विचारले, "ताई, मुंबईत बायकांचे एक स्टेशन होते ना? त्याचे काय झाले?" मला नीट उत्तर देता आले नाही. म्हणून यावेळी तेच लिहिते आहे.

ते स्टेशन म्हणजे म्यांव एफएम, १०४.८. २००७ साली सुरू झाले तेव्हा मी ज्युनियर कॉलेजात होते. आई घरी साड्यांना फॉल-पिको करायची. रेडिओ मशीनच्या वरच्या फळीवर. तिच्या लेखी रेडिओ म्हणजे आकाशवाणीचे 'वनिता मंडळ' आणि दुपारची गाणी. खाजगी एफएम आली तरी सगळीकडे तीच नवी हिंदी गाणी. या केंद्रावर मात्र गाण्यांबरोबर भरपूर बोलणे असे आणि तेही बायकांशी. फोन करणाऱ्या बाया सासर, नोकरी, एकटेपणा, काय काय सांगायच्या. बोलणे हिंदीत, पण आई मशीन थांबवून ऐकायची. बाबांची चाहूल लागली की आवाज कमी. तिने स्वतः कधी फोन केला नाही. "आपण काय बोलणार?" एवढेच म्हणायची.

या खाजगी केंद्रांचा इतिहास आपण कार्यकर्त्यांनी माहीत करून घ्यायला हवा, कारण त्यात आपलाही एक हक्क अडकला आहे. १९९३ मध्ये मुंबईत आकाशवाणीने एफएमवरचे तास खाजगी कंपन्यांना भाड्याने दिले, १९९८ मध्ये ते बंद केले. मधल्या काळात, फेब्रुवारी १९९५ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे. खटला क्रिकेटच्या प्रक्षेपणाचा होता! निकाल देणाऱ्यांत न्यायमूर्ती पी. बी. सावंत होते. पण जनतेच्या मालकीच्या या लहरींचा पुढे लिलाव झाला. परवान्याची फी दरवर्षी १५ टक्क्यांनी वाढणारी, तिच्याखाली कंपन्या वाकल्या. मग २००५ च्या धोरणाने एकरकमी प्रवेश फी आणि उत्पन्नाचा ४ टक्के वाटा अशी सोय झाली. केंद्रे भराभर वाढली. एवढ्या गर्दीत वेगळा श्रोता शोधणे आले, आणि तो शोध बायकांपर्यंत पोचला असे मला वाटते. घरात काय विकत घ्यायचे हे बाई ठरवते, हे जाहिरातवाल्यांना आपल्या आधी कळलेले असते.

एक कुंपण मात्र सगळ्यांनाच होते. खाजगी एफएमला बातम्या देण्याची परवानगी नव्हती. २०११ नंतर मिळाली तीही आकाशवाणीचे बातमीपत्र जसेच्या तसे ऐकवण्यापुरती. कौटुंबिक हिंसाचाराविरुद्धचा कायदा ऑक्टोबर २००६ मध्ये अमलात आला, म्हणजे हे केंद्र सुरू होण्याच्या थोडेच आधी. मार खाणारी बाई फोनवर आपले दुःख सांगू शकत होती. पण तिच्या वॉर्डातल्या मोर्च्याची किंवा रेशनवरच्या गोंधळाची बातमी त्याच केंद्रावरून देता येत नव्हती. बाईचे मन बोलके चालते, गल्ली बोलकी चालत नाही!

तीन-चार वर्षांत म्यांवचे 'ओये' झाले, तरुणांसाठी, गाण्यांचे. पुढे 'इश्क' झाले. आणि २०२५ च्या सुरुवातीला मालक कंपनीने रेडिओच्या व्यवसायातूनच बाहेर पडायचे ठरवले. नाव बदलताना ऐकणाऱ्या बायांना कुणी विचारले नाही. विचारायची पद्धतच नसते. श्रोती गिऱ्हाईक असते, सभासद नसते.

आता आपल्या बेताचे. कम्युनिटी रेडिओचा परवाना २००६ पासून संस्थांना मिळू शकतो. म्हसवडला माणदेशीच्या बायांचे केंद्र २००८ पासून आहे. त्याच वर्षी आपल्या सीमेजवळ, जहीराबाद भागातल्या माचनूरला दलित बायांनी 'संघम रेडिओ' सुरू केला. शेती, बियाणे, गाणी, सगळे त्यांच्याच तोंडून. १०० वॅटपर्यंतचा ट्रान्समीटर, दहा-पंधरा किलोमीटरचा पल्ला, निम्मे कार्यक्रम स्थानिक लोकांच्या सहभागाने केलेले, अशा अटी आहेत. २०२४ च्या सुधारित नियमांत तासाला १२ मिनिटे जाहिरातींची मुभा आहे आणि सल्लागार व कार्यक्रम समितीत किमान निम्म्या स्त्रिया हव्यात असे लिहिले आहे. बातम्यांचे कुंपण इथेही आहेच, ते विसरू नका.

माझ्या मनात धाकधूक आहे. मुंबईत खोलीचे भाडे कोण भरणार? घरकाम करून थकलेली बाई रोज माईकपुढे बसेल का? जाहिरात घेतली तर गोरेपणाच्या क्रीमची घ्यायची का? यावर आमच्या गटात अर्धा तास भांडण झाले आणि ते मिटलेले नाही. पण नावे लिहायला कागद फिरवला तेव्हा नऊजणींनी सह्या केल्या. दोघींनी अंगठा दिला. आईलाही विचारले. पहिल्यांदा हसली. मग म्हणाली, "पिकोचे दर किती वर्षांत वाढले नाहीत, ते सांगितले तर चालेल का?"

तुमच्यापैकी कुणी असे केंद्र चालवले असेल, अर्ज करून थांबला असाल किंवा मध्येच सोडून दिले असेल, तर खर्चाच्या आकड्यांसकट लिहा. सोडून दिलेल्यांची पत्रे जास्त हवी आहेत. पुढच्या अंकात ती आधी छापू.