उत्तराविना निर्णय

सोलापुराहून पुण्याकडे जातांना चिंचोळीची औद्योगिक वसाहत लागते. तेथें काम करणाऱ्या दोघांस एकाच दिवशीं बडतर्फीचा हुकूम मिळाला, तरी दोघांच्या वाटा निराळ्या होतात. खासगी कारखान्यांतील कामगार कामगार-न्यायालयाकडे वळतो. वसाहतीचे भूखंड, रस्ते व पाणी पाहणारें महामंडळ हें मात्र १९६१ च्या कायद्यान्वयें स्थापन झालेलें सरकारी मंडळ होय. त्याच्या नोकरास आधार मंडळाच्या सेवानियमांचा आणि अखेरीस उच्च न्यायालयाचा. राज्यघटनेच्या ३११ व्या अनुच्छेदाचें संरक्षण प्रत्यक्ष सरकारच्या नोकरास आहे, महामंडळाच्या नोकरास नाहीं, ही गोष्ट पुष्कळ सुशिक्षित घरांतूनही माहीत नसते. म्हणून त्याला न विचारतां काढतां येतें, असें मात्र नव्हे.

ज्याला मुळीं पात्रताच नव्हती त्याला विचारावयाचें तें काय, असें कित्येक म्हणतात. महाराष्ट्रांत हा प्रश्न जातीच्या दाखल्यावरून वारंवार उठतो. राखीव जागेवर लागलेल्या नोकराचा दाखला पडताळणी समितीनें अवैध ठरविला कीं नोकरी जाते. २०१४ सालीं मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानें अशा कांहीं नोकरांस अभय दिलें होतें. भारतीय अन्न महामंडळाच्या प्रकरणांत ६ जुलै २०१७ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें तें काढून घेतलें. सेवा दीर्घ झाली, लबाडीचा हेतु नव्हता, या सबबी चालणार नाहींत असें ठरलें. पुढें डिसेंबर २०१९ मध्यें राज्य सरकारनें अशा कर्मचाऱ्यांस अकरा महिन्यांपुरतें अधिसंख्य पदांवर घेतलें. घरांतील कर्ता पुरुष पन्नाशींत असा अधांतरीं लोंबकळला म्हणजे त्या घराचें काय होतें, हें सांगावयास नको. तरीही २०१७ चा निर्णय आम्हांस योग्यच वाटतो. ज्या आदिवासी मुलाची ती जागा होती, त्याला कोणीं कधीं नोटीस दिली होती?

परंतु पात्रतेचा नियम ही एक गोष्ट आणि हा मनुष्य अपात्र आहे हें ठरणें ही दुसरी. याज्ञवल्क्यस्मृतींत व्यवहाराचे चार पाद सांगितले आहेत, त्यांत वादीच्या भाषेनंतर लगेच प्रतिवादीचें उत्तर येतें. प्रमाण व निर्णय त्यानंतरचे. उत्तरावांचून निर्णय म्हणजे तीन पायांचा चौरंग.

आणि पुरावा तरी कसला असतो? बहुधा आजोबांच्या शाळेच्या रजिस्टरांतील एक शब्द. अशीं जुनीं रजिस्टरें आम्हीं पुष्कळ चाळलीं आहेत. मोडी अक्षर, फिकी शाई, आणि जातीच्या रकान्यांत मास्तरांनीं ऐकलें तें लिहिलेलें. कोठें जात, कोठें पोटजात, कोठें नुसता धंदा. स्वातंत्र्यपूर्व कागदांस अधिक वजन द्यावें असें सर्वोच्च न्यायालयानें २०११ सालीं म्हटलें, तेव्हां त्या एका शब्दाचें मोल आणखीच वाढलें. तो शब्द कोणीं कसा वाचला, हें ज्याच्या पोटाशीं गांठ आहे त्याला दाखविलेंच पाहिजे. १९९४ सालच्या प्रसिद्ध निवाड्यानें हेंच बंधन घातलें: दक्षता पथकाचा अहवाल प्रतिकूल असेल तर त्याची प्रत कारणे-दाखवा नोटिशीसह द्यावी, आणि म्हणणें ऐकावें.

येथें एक गोष्ट घरोघर ध्यानांत ठेवण्यासारखी आहे. सुनावणीची खरी जागा ही समिती होय, कचेरी नव्हे. समितीनें दाखला रद्द केला कीं मालकाचे हात बांधलेले असतात. साहेब आपले आहेत, सांभाळून घेतील, या भरंवशावर कित्येकजण समितीच्या नोटिशीस दोन ओळींत उत्तर देऊन मोकळे होतात. अहवालाची प्रत मागावी, मोडी जाणणारा गांठावा, उत्तर सविस्तर लिहून त्याची पोंच घ्यावी. समितीच्या निर्णयावर मध्यें कोठेंही अपील नाहीं. थेट उच्च न्यायालय. सोलापूरकरांस त्यासाठीं पूर्वीं मुंबई गांठावी लागे; ऑगस्ट २०२५ पासून त्यांचीं प्रकरणें कोल्हापूरच्या सर्किट बेंचपुढें चालतात.