दर्या आणि दालने

सुट्टी जवळ आली की घराघरांत एकच प्रश्न निघतो : यंदा कुठे जायचे? कोणी गावाचे नाव काढतो, कोणी नातेवाइकांचे. शाळेत सहलीची गोष्ट निघाली तर बहुतेक हात वॉटर पार्कसाठी वर होतात. त्यात गैर काही नाही. पाण्यात डुंबायला कोणाला आवडत नाही? पण भिवंडीच्या धामणकर नाक्यावर थोडा वेळ उभे राहून पाहा. कापडाने भरलेले टेम्पो, रिक्षांची गर्दी, कल्याणकडे आणि ठाण्याकडे निघालेली माणसे, असा हा नाका दिवसभर वाहत असतो. कोणी कामाला जाते, कोणी खरेदीला, कोणी दवाखान्यात. केवळ काही सुंदर पाहावे, काही नवे समजून घ्यावे म्हणून येथून निघणारी मुले किती असतील? माझ्या मते, फारच थोडी. म्हणून या पाठात मी एका वेगळ्या सहलीची बाजू मांडणार आहे.

संग्रहालय पाहणे आणि नावेतून फिरणे या दोन गोष्टी आपण वेगवेगळ्या समजतो. संग्रहालय म्हणजे अभ्यास आणि नाव म्हणजे मौज, अशी आपण वाटणी करून टाकली आहे. त्यामुळे दोन्हींचे नुकसान होते. नुसते संग्रहालय पाहायला गेलेली मुले तासाभरात थकतात. एका कपाटात मूर्ती, दुसऱ्यात भांडी, तिसऱ्यात नाणी. पाय दुखू लागतात आणि सगळी कपाटे सारखीच दिसू लागतात. उलट, नुसती नावेची सफर झाली तर वारा खाल्ला, फोटो काढले आणि घरी आलो, एवढेच उरते. मग सहलीवर निबंध लिहायची वेळ येते आणि सगळ्या वह्यांत एकच वाक्य सापडते : 'आम्ही खूप मजा केली.' या दोन्ही गोष्टी एकाच दिवशी जोडून केल्या, तर एकीमुळे दुसरीला अर्थ येतो, असे माझे मत आहे.

जगातील मोठ्या शहरांनी ही जोडी केव्हाच जुळवली आहे. पॅरिस शहरातून सेन नदी वाहते. लूव्र हे जगप्रसिद्ध संग्रहालय तिच्या एका काठावर आहे. समोरच्या काठावर ओर्से संग्रहालय आहे. ते एका जुन्या रेल्वे स्थानकाच्या इमारतीत १९८६ साली सुरू झाले. प्रवासी नावेतून उतरतात, चित्रे पाहतात आणि पुन्हा नावेत बसतात. लंडनमध्ये टेट या नावाची दोन कलासंग्रहालये आहेत. दोन्ही थेम्स नदीकाठी आहेत आणि त्यांच्यामध्ये बोट चालते. चित्रे पाहून थकलेल्या डोळ्यांना पाणी विसावा देते आणि पाण्यावरून जाताना मन पुढच्या चित्रांसाठी तयार होते.

आपण पॅरिसला कसे जाणार, असे कोणी म्हणेल. जायचे कारणच नाही. भिवंडीहून कल्याण किंवा ठाणे गाठावे, लोकल गाडीने छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसला उतरावे आणि तेथून बसने गेटवे ऑफ इंडियाला जावे. गेटवेच्या धक्क्यावरून घारापुरी बेटाकडे प्रवासी बोटी सुटतात. गेटवेपासून चालत दहा मिनिटांच्या आत छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय आहे. म्हणजे नाव आणि संग्रहालय येथेही शेजारी शेजारीच आहेत. फरक एवढाच की आपली नाव नदीत नाही, समुद्रात चालते. पण उर्दू बोलणाऱ्या मुलांना हा फरक फार मोठा वाटू नये. 'दर्या' या एका शब्दाचा अर्थ उर्दूत नदी आणि मराठीत समुद्र! एकच शब्द दोन भाषांत गेला; एकीत तो नदी होऊन राहिला, तर दुसरीत समुद्र झाला. जहाज, बंदर, किनारा, खलाशी हे शब्दही दोन्ही भाषांत आहेत. पाण्यावरून फक्त माल येत नाही, शब्दसुद्धा येतात.

बोटीने घारापुरीला पोहोचायला साधारण तासभर लागतो. अंतर सुमारे दहा किलोमीटर. गेटवेची कमान हळूहळू लहान होत जाते. एका बाजूला मुंबईचे उंच मनोरे दिसतात, तर दुसऱ्या बाजूला न्हावा शेवा येथील जवाहरलाल नेहरू बंदराच्या अवाढव्य क्रेन. ती जहाजे आणि ते डबे नीट पाहा. आपल्या देशाचा परदेशांशी जो व्यापार चालतो, त्यातला वजनाने सुमारे ९५ टक्के माल आजही समुद्रमार्गे जातो. ज्या गावात घरोघरी धाग्याची आणि कापडाची भाषा बोलली जाते, त्या गावच्या मुलांनी हा रस्ता एकदा तरी डोळ्यांनी पाहायला हवा.

घारापुरीची मुख्य लेणी सुमारे सहाव्या शतकातली आहे. कारागिरांनी काळा कठीण खडक आत आत कोरत नेला. खांब बाहेरून आणून उभे केले नाहीत. खांबांभोवतीचा दगड तेवढा काढून टाकला. तेथील तीन मुखांची भव्य शिवमूर्ती सुमारे वीस फूट उंच आहे. युनेस्कोने १९८७ साली या लेण्यांना जागतिक वारशाचा दर्जा दिला. कोणाचाही धर्म कोणताही असो, छिन्नी आणि हातोडीच्या बळावर माणूस काय करू शकतो, हे पाहून मान आपोआप लवते. मागात एक धागा चुकला तर सारे कापड बिघडते, हे आपल्याला ठाऊक आहे. दगडात एक घाव चुकला तर तो भरून काढता येत नाही. हाताने काम करणाऱ्यांच्या मुलांना ही गोष्ट इतरांपेक्षा लवकर कळेल.

या बेटाला एलिफंटा हे नाव पोर्तुगीजांनी दिले. तेथे दगडाचा एक मोठा हत्ती होता, त्यावरून हे नाव पडले. १८६४ साली तो हत्ती इंग्लंडला नेण्याचा प्रयत्न झाला. त्या खटपटीत तो फुटला. त्याचे तुकडे मुंबईत आणले गेले आणि पुढे १९१४ च्या सुमारास ते पुन्हा जोडले गेले. आज तो हत्ती भायखळ्याच्या जिजामाता उद्यानात, डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाजवळ उभा आहे. बेट पाहिले आणि हत्ती पाहिला नाही, तर गोष्ट अर्धी राहते. हत्ती पाहिला आणि बेट पाहिले नाही, तरीही ती अर्धीच राहते. नाव आणि संग्रहालय जोडून पाहावे, असे मी म्हणतो ते याचसाठी. वस्तू संग्रहालयात असते, पण तिचे घर बहुधा दुसरीकडे असते. त्या घराचा रस्ता पाहिल्याशिवाय वस्तूची ओळख पुरी होत नाही.

आता छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयाकडे वळू. त्याची पायाभरणी १९०५ साली झाली. इमारत तयार झाली, पण पहिल्या महायुद्धाच्या काळात तिचा उपयोग रुग्णालय म्हणून करावा लागला. अखेर १९२२ साली संग्रहालय लोकांसाठी उघडले. या इमारतीचा आराखडा जॉर्ज विटेट यांनी केला. गेटवे ऑफ इंडियाचे शिल्पकारही तेच. म्हणजे धक्क्यावरून संग्रहालयाकडे जाताना आपण एकाच माणसाच्या एका कामाकडून दुसऱ्या कामाकडे जात असतो. संग्रहालयाचा घुमट पाहताना विजापूरच्या गोल घुमटाची आठवण होते, कारण विटेट यांनी तोच नमुना डोळ्यांपुढे ठेवला होता.

या संग्रहालयात सोपारा येथे १८८२ साली सापडलेला अशोकाच्या शिलालेखाचा तुकडा जपलेला आहे. पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी तो शोधला. सोपारा म्हणजे आजच्या वसई तालुक्यातले नालासोपारा. दोन हजार वर्षांपूर्वी ते मोठे बंदर होते. कल्याणही बंदरच होते. पहिल्या शतकातील 'पेरिप्लस' या ग्रीक भाषेतल्या प्रवासग्रंथात या दोन्ही गावांची नावे आली आहेत. आणि भिवंडी? १६५७ साली शिवाजी महाराजांनी कल्याण आणि भिवंडी जिंकून घेतली. त्यानंतर याच खाडीच्या काठी मराठ्यांच्या आरमाराची जहाजे बांधली जाऊ लागली. धामणकर नाक्यावर टेम्पोच्या धुरात उभे असताना खरे वाटणार नाही, पण आपण जहाजांच्या मुलखात राहतो.

त्याच संग्रहालयात अकबर बादशहाच्या काळातील 'अन्वारे सुहैली' या ग्रंथाची चित्रे आहेत. त्या ग्रंथातील गोष्टी मुळात आपल्या पंचतंत्रातल्या. त्या भारतातून इराणात गेल्या, तेथून अरबी भाषेत 'कलीला व दिमना' झाल्या, मग फारसी रूप घेऊन पुन्हा भारतात आल्या आणि मोगल चित्रकारांच्या कुंचल्यात उतरल्या. अशा चित्रांसमोर, मोगल नाण्यांसमोर उभे राहून पाहणारे बहुतेक लोक तेथील अक्षरांकडे नक्षी म्हणून पाहतात. उर्दू शाळेतील मुलाला ती नक्षी वाटत नाही. त्याला अलिफ दिसतो, लाम दिसतो. कधी एखादे नाव, कधी एखादे सालही लागते. शेजारची मराठी पाटीही तो वाचू शकतो. दोन्ही वाचता येणारा पाहुणा त्या दालनात फार थोड्या वेळा येतो. त्याने संकोचाने भिंतीकडेने चालू नये. तेथे त्याचा हक्क इतरांइतकाच आहे, आणि वाचण्याची किल्ली तर इतरांपेक्षा एक जास्त आहे.

या सहलीवर काही आक्षेप घेतले जातील. पहिला आक्षेप खर्चाचा. बोटीचे भाडे आणि तिकिटे मिळून खर्च होतो, हे खरे. पण पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या स्मारकांत १५ वर्षांखालील मुलांना प्रवेशशुल्क नाही. संग्रहालयात शाळेचे पत्र दाखवून सवलतीची चौकशी करता येते. डबा घरून न्यावा. वॉटर पार्कच्या एका दिवसाला जे पैसे लागतात, त्याच्याशी हा खर्च ताडून पाहावा.

दुसरा आक्षेप सुरक्षिततेचा. तो हसण्यावारी नेण्याजोगा नाही. १८ डिसेंबर २०२४ रोजी गेटवेहून घारापुरीकडे निघालेल्या एका प्रवासी बोटीला नौदलाच्या वेगवान बोटीची धडक बसली आणि अनेकांचे प्राण गेले. म्हणून बोटीत बसताच लाइफ जॅकेट मागून घ्यावे आणि ते अंगात घालावे. मांडीवर ठेवू नये. बोट भरून वाहत असेल तर पुढच्या बोटीची वाट पाहावी. पावसाळ्यात समुद्र खवळलेला असतो, तेव्हा हा बेत करूच नये. दिवाळीची किंवा हिवाळ्यातली सुट्टी उत्तम. घारापुरीची लेणी सोमवारी बंद असतात, हेही लक्षात ठेवावे.

तिसरा आक्षेप असा की मुलींना एवढ्या लांब कशाला न्यायचे? माझे उत्तर सरळ आहे. लांब आहे म्हणूनच न्यायचे. बरोबर शिक्षिका असाव्यात, शक्य तर अम्मींना आणि आपांनाही घ्यावे. ज्या स्त्रीने स्वतःच्या गावाजवळचा समुद्रही पाहिला नाही, तिच्याकडून मुलांना जगाची ओळख करून देण्याची अपेक्षा आपण कशी करतो?

चौथा आक्षेप वेळेचा. सगळे एका दिवसात कसे पाहून होईल? होणार नाही, आणि होऊही नये. सकाळी लवकर निघून आधी बोट घ्यावी. दुपारी परत येऊन डबा खावा आणि मग संग्रहालयात शिरावे. तेथे प्रत्येकाने फक्त पाच वस्तू निवडाव्यात. प्रत्येक वस्तूसमोर पाच मिनिटे थांबावे आणि वहीत तीन गोष्टी लिहाव्यात : ही कशाची आहे, कोठून आली, कोणत्या रस्त्याने आली. तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर पुष्कळदा पाण्याकडे घेऊन जाईल. ज्याने सकाळी पाणी पाहिले आहे, त्याला ते उत्तर पाठ करावे लागणार नाही. भायखळ्याचा हत्ती पुढच्या सुट्टीसाठी ठेवावा. तो परतीच्या रेल्वेमार्गावरच आहे.

आणखी एक गोष्ट. भिवंडीच्या कडेने कामवारी नदी वाहते आणि पुढे खाडीला मिळते. आज तिच्यात सांडपाणी, रंग आणि प्लास्टिक इतके आहे की तिला नदी म्हणताना जीभ अडखळते. आपण तिला नाला समजतो, म्हणून तिच्यात कचरा टाकताना हात थांबत नाही. पण ज्या पाण्याने हे गाव समुद्राला जोडले, ते पाणी हेच. घारापुरीचा हत्ती फुटला, तरी कोणीतरी त्याचे तुकडे गोळा करून जोडले; कारण तो जपण्याजोगा आहे, हे त्यांना ठाऊक होते. नदी जपण्याजोगी आहे, हे ठाऊक व्हायला आधी पाण्याची किंमत कळावी लागते. ती किंमत धड्यातून थोडी कळते. पण एका सकाळी नावेत बसून आणि त्याच दुपारी दालनातून फिरून ती पुष्कळ अधिक कळते.