चौदापैकी चौदा

शुक्रवार म्हणजे आमच्या ऑफिसात फॉर्मल्सना सुट्टी. आमच्या टीममधली सगळ्यात ज्युनिअर मुलगी त्या दिवशी मँचेस्टर सिटीची आकाशी जर्सी घालून येते. पाठीवर नाव महिला खेळाडूचं, हे विशेष. परवा कॉफी मशीनपाशी तिने सहज टाकलं, "अगं, बायकांची इंग्लिश लीग तशी नवीनच आहे ना, २०११ पासूनची."

मी कप खाली ठेवला. काही वाक्यं मला नुसती ऐकून सोडून देता येत नाहीत.

२०११ मध्ये सुरू झाली ती वुमेन्स सुपर लीग. अख्ख्या इंग्लंडची पहिली महिला लीग त्याच्या वीस वर्षं आधीची, १९९१-९२ च्या सीझनची. तोवर बायका खेळायच्या त्या आपापल्या भागातल्या छोट्या लीगमध्ये. देशभरातले क्लब एकमेकांना भिडायचे फक्त कपच्या सामन्यांत, आणि तो कपही १९७१ चा. त्याआधीची पन्नास वर्षं तर सांगायलाच नकोत! १९२० च्या बॉक्सिंग डेला लिव्हरपूलच्या गुडिसन पार्कवर बायकांची मॅच बघायला ५३ हजार माणसं आली. वर्षभरात, डिसेंबर १९२१ मध्ये, इंग्लंडच्या फुटबॉल असोसिएशनने, म्हणजे एफएने, आपल्या क्लबांना फर्मान काढलं, की बायकांना मैदानं द्यायची नाहीत. ते उठायला १९७१ उजाडलं.

म्हणूनच १९९१ ची ती लीग एफएने काढलेली नव्हती. काढली वुमेन्स फुटबॉल असोसिएशनने, म्हणजे बायकांच्या फुटबॉलसाठी पदरमोड करून धावपळ करणाऱ्या लोकांनी. २४ क्लब, तीन डिव्हिजन, प्रत्येकीत आठ टीम्स. दोघींची दोनदा गाठ, म्हणजे प्रत्येकीच्या वाट्याला १४ सामने. पगार वगैरे शब्द कुणाच्या डोक्यातही नव्हता. डॉनकॅस्टरहून साउदॅम्प्टनला जायचं म्हणजे एका बाजूने साडेतीनशे किलोमीटर. रविवारी जायचं, खेळायचं, परत यायचं आणि सोमवारी सकाळी आपापल्या कामावर हजर!

आता या डॉनकॅस्टरबद्दल जरा सांगायलाच हवं. यॉर्कशायरमधलं हे गाव कोळशाच्या खाणींचं आणि रेल्वेचं. 'फ्लाइंग स्कॉट्समन' हे जगप्रसिद्ध इंजिन इथल्याच कारखान्यातलं. गावातल्या पुरुषांच्या क्लबचं नाव रोव्हर्स, मैदानाचं नाव बेल व्ह्यू. १९६९ मध्ये तिथे मॅचच्या दिवशी सोडतीची तिकिटं विकणाऱ्या मुलींना वाटलं, नुसती तिकिटं का विकायची? आपणही खेळू या की! झाली टीम. तीच पुढे डॉनकॅस्टर बेल्स म्हणून ओळखली गेली. या बेल्स १९८३ ते १९९४ या बारा वर्षांत कपच्या अकरा फायनल्स खेळल्या आणि त्यातल्या सहा जिंकल्या. त्यांच्या मिडफिल्डला होती जिलियन कोल्टार्ड. तेराव्या वर्षी ती बेल्समध्ये आली आणि इंग्लंडसाठी ११९ सामने खेळली. शंभरी गाठणारी इंग्लंडची ती पहिलीच महिला. आणि ही बाई पोटासाठी कारखान्यात काम करायची.

पहिल्या सीझनमध्ये बेल्स १४ सामने खेळल्या. १४ जिंकल्या. ड्रॉ नाही, हार नाही. वर कपच्या फायनलमध्ये साउदॅम्प्टनच्या रेड स्टारला ४-० ने धुतलं. म्हणजे डबल. क्रिकेटच्या भाषेत सांगायचं, तर टेस्ट सीरिजमध्ये व्हाइटवॉश आणि वन-डेचा कपही आपल्याच बॅगेत.

"मग त्या आता कुठे आहेत?" ज्युनिअरने विचारलं. प्रश्न बरोबर होता. फक्त विचारणारीने जर्सी चुकीची घातली होती.

झालं काय, की दुसऱ्याच वर्षी खालच्या डिव्हिजनमधून आर्सेनल वर आली. मॅनेजर व्हिक एकर्स, जो पुरुषांच्या टीमचा किट मॅनेजरही होता. पाठीशी मोठा क्लब. १९९२-९३ ची लीग आर्सेनलची आणि कपही आर्सेनलचा, फायनलमध्ये बेल्सनाच ३-० ने हरवून. बेल्सनी १९९३-९४ मध्ये पुन्हा दोन्ही खेचून आणले, पण वारं कुठल्या दिशेने वाहतंय ते दिसायला लागलं होतं. (मोठ्या क्लबचा आधार म्हणजे लगेच राजेशाही थाट, असं मात्र समजू नका. पुढे इंग्लंडसाठी खेळलेली अॅलेक्स स्कॉट आर्सेनलच्या लाँड्रीत पुरुषांच्या टीमचे कपडे धुवायची.)

२०११ ची सुपर लीग एफएने सुरू केली, तीही आठ क्लबांची. त्यांत बेल्स होत्या. २०१३ मध्ये एफएने ठरवलं, की पुढच्या वर्षापासून दोन डिव्हिजन करायच्या आणि वर कोण राहणार ते अर्ज मागवून ठरवायचं. निकष काय? आर्थिक कारभार, मार्केटिंग, मैदान आणि सुविधा, खेळाडूंची नि ज्युनिअर मुलींची व्यवस्था. एप्रिलमध्ये निकाल आला. बेल्स दुसऱ्या डिव्हिजनमध्ये. आणि वर कोण? तोवर खालच्याच पायरीवर खेळणारी मँचेस्टर सिटी!

एप्रिलची तारीख नीट वाचा. लीग उन्हाळ्यातली, नुकतीच सुरू झालेली. बेल्सचा एकच सामना झाला होता. म्हणजे वर्षाच्या पहिल्याच आठवड्यात बॉसने केबिनमध्ये बोलावून सांगायचं, "तुझं रेटिंग ठरलंय, पुढच्या वर्षी तू ज्युनिअर ग्रेडला. बाकी अकरा महिने काम चालू ठेव हं." अपिल केलं, तेही फेटाळलं. उरलेले १३ सामने त्या खेळल्या. जिंकल्या असत्या तरी खालीच जायचं होतं, हे ठाऊक असताना! आणि त्या सीझनमध्ये शेवटच्या नंबरावर राहिल्या.

एफएची बाजू मी मुद्दाम तपासून बघितली, कारण राग आला की मला आकडे दिसेनासे होतात. आणि त्यात तथ्य आहे, हे कबूल करायला हवं. दिवसभर काम करून संध्याकाळी सराव करणाऱ्या मुलींना पूर्ण वेळ पगार द्यायचा, तर तो कुठून तरी यायलाच हवा. सिटीकडे तो होता. त्यांनी तो खर्चही केला. कोल्टार्डला कारखाना चुकला नाही, तो पुढच्या मुलींना चुकला, यात अशा क्लबांचा वाटा मोठा आहे. ज्युनिअरच्या पाठीवर जे नाव आहे, ती बाई फुटबॉलवर घर चालवते ते याच पैशावर. हे मला हवंच आहे. पण मग सीझन सुरू व्हायच्या आधी सांगा ना! मैदानावर जे होईल त्याचा एक तरी मार्क ठेवा. स्पर्धा घ्यायची आणि निकाल टेंडरसारखा उघडायचा, याला खेळ कसं म्हणायचं?

पुढचं थोडक्यात. बेल्स २०१५ च्या सीझनमध्ये खेळून, जिंकून वर आल्या. २०१६ मध्ये सिटीने एकही सामना न हरता लीग जिंकली. त्याच टेबलात सगळ्यात खाली बेल्स होत्या. २०१७-१८ मध्ये त्यांनी दुसरी डिव्हिजन जिंकली, म्हणजे मैदानावर परत पहिला नंबर. आणि त्याच उन्हाळ्यात पैशाअभावी तिथलीही जागा सोडून त्या आणखी खाली गेल्या.

ज्युनिअर गप्प होती. कॉफी गार. मग म्हणाली, "चौदापैकी चौदा? एकही ड्रॉ नाही?"

"एकही नाही."

"आणि सोमवारी कामावर?"

"सोमवारी कामावर."

तिने पाठीमागे हात नेऊन जर्सी उगाचच सरळ केली आणि जागेवर जाऊन बसली. तिच्या स्क्रीनवर सकाळपासून सेल्फ-अप्रेझलचा फॉर्म उघडा होता. स्वतःला किती मार्क द्यायचे, तो रकाना अजून कोराच होता.