परमुलखातील नऊ महिने

बुद्धिबळ हा घरात बसून खेळावयाचा खेळ खरा. परंतु ग्रँडमास्टर हा किताब घरी बसून मिळत नाही. त्यासाठी मान्यताप्राप्त स्पर्धांत ठराविक दर्जाची कामगिरी सामान्यतः तीनदा करून दाखवावी लागते. तिला ‘नॉर्म’ म्हणतात. शिवाय गुणांकन २५०० पर्यंत न्यावे लागते.

गोव्याच्या लिऑन मेंडोंसाची हकीकत म्हणूनच आम्ही वाचकांस सांगू इच्छितो. मार्च २०२० मध्ये चौदा वर्षांचा हा मुलगा वडिलांसह युरोपात खेळत होता. तोच कोरोनाच्या साथीने परतीची वाट बंद झाली आणि पितापुत्र हंगेरीत अडकून पडले. घर दूर, पुढचा दिवस अनिश्चित. तरी मुलाने पट आवरला नाही. स्पर्धा पुन्हा सुरू होताच तो एकीमागून एक खेळत राहिला. बुडापेस्ट येथे ऑक्टोबर व नोव्हेंबरात दोन नॉर्म झाले. तिसरा डिसेंबरअखेर इटलीतील बास्सानो देल ग्राप्पा येथे. लिऑन भारताचा ६७ वा ग्रँडमास्टर झाला. पुढे जानेवारी २०२४ मध्ये नेदरलँड्समधील वाइक आन झे येथील चॅलेंजर्स स्पर्धाही त्याने जिंकली.

किताबाच्या यादीत नाव एकट्या मुलाचे लागते. परक्या मुलखात त्याच्याजवळ राहिलेल्या बापाचा वाटा कोणत्या तक्त्यात मांडावा? आपल्या घरांतील मुलेही काही ना काही शिकू पाहत असतात. आईबापांस तो डाव समजला नाही तरी हरकत नाही. अडचणीच्या दिवशी मुलाच्या शेजारी बसता आले, म्हणजे पुष्कळ झाले.