अध्यादेशाचे पेढे आणि न वाचलेली पाने

जुलै २०१४ मध्ये मी पेढे वाटले होते. मराठा समाजाला १६ टक्के आणि मुस्लिम समाजातील मागास घटकांना ५ टक्के आरक्षण देणारे अध्यादेश राज्य सरकारने काढले, त्या दिवशी आमच्या मोहल्ल्यात ईद असल्यासारखे वातावरण होते. मी मोबाइलवरून दीडशे जणांना मुबारकबादचा संदेश पाठवला. मशिदीजवळच्या ओट्यावर एक चाचा बसायचे, जिल्हा कचेरीतून निवृत्त झालेले कारकून. त्यांच्या हातावर पेढा ठेवला तर ते म्हणाले, "कायदा कहाँ हुआ बेटा? अध्यादेशच है ना? दोसो तेरा पढ़ो." मी हसून पुढे गेलो. म्हातारा माणूस, त्याला आनंदातही खोट दिसते, असे मनात म्हणालो.

'दोसो तेरा' म्हणजे संविधानाचे कलम २१३. ते मी वाचले पुढच्या वर्षी, सगळे संपल्यावर. विधिमंडळाचे अधिवेशन चालू नसताना राज्यपालांना अध्यादेश काढता येतो, पण अधिवेशन पुन्हा सुरू झाले की सहा आठवड्यांत त्याचा कायदा व्हावा लागतो. नाही झाला तर अध्यादेश आपोआप संपतो. ऑक्टोबरमध्ये निवडणूक झाली, सरकार बदलले. नोव्हेंबरमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने मराठा आरक्षणाला स्थगिती दिली, मुस्लिमांच्या नोकऱ्यांतील आरक्षणालाही दिली, मात्र शिक्षणातील ५ टक्क्यांना हात लावला नाही. म्हणजे कोर्टाने अर्धे दार उघडे ठेवले होते. नव्या सरकारने विधेयक आणले नाही. डिसेंबर सरता सरता अध्यादेश संपला, आणि मार्च २०१५ मध्ये शासन निर्णय काढून उरलीसुरली कागदपत्रेही रद्द करण्यात आली.

मग आम्ही ओरडलो, "दगा झाला!" ज्यांनी तो केला त्यांचा दोष मी एका शब्दानेही कमी करणार नाही. पण मला माझ्याबद्दल बोलायचे आहे. ते सहा आठवडे चालू होते तेव्हा मी काय करत होतो? आमदाराला एक फोन केला नाही. दहा माणसे घेऊन निवेदन दिले नाही. कारण घड्याळ चालू आहे हेच मला ठाऊक नव्हते. आणि हे घड्याळ गुप्त नव्हते, १९५० पासून छापील पुस्तकात होते. मी ते पान उघडले नव्हते, इतकेच.

दोस्तांनो, हे सगळे आठवण्याचे कारण एक यादी. दर काही महिन्यांनी ती मोबाइलवर येते: 'प्रत्येक मुस्लिम तरुणाने वाचावीत अशी राजकारणावरची पंचवीस पुस्तके'. गेल्या महिन्यात ती मला तीन वेगवेगळ्या ग्रुपवर आली. उस्मानी सल्तनतीचा अस्त, खिलाफतीचा इतिहास, जगभरातली कटकारस्थाने, थोर नेत्यांची चरित्रे. यातली काही पुस्तके चांगली आहेत, मीही वाचली आहेत. पण ज्या राज्यात आपण रेशनकार्ड काढतो, ज्याच्या शाळेत आपली मुले शिकतात, ज्याच्या पोलीस ठाण्यात आपल्याला बोलावले जाते, त्या राज्यावरचे एकही पान त्या यादीत नाही. इस्तंबूलच्या दरबारातल्या वजिरांची नावे आमच्या पोरांना तोंडपाठ. आपल्या नगरसेवकाचे अधिकार काय, हे विचारले तर सगळे गप्प.

माझे म्हणणे रोखठोक आहे. अशी यादी आपल्याला राजकारण शिकवत नाही, राजकारणापासून दूर नेते. दूरच्या आणि जुन्या वैभवाचे दुःख करत बसणे सोपे असते, त्यात काही करावे लागत नाही. म्हणून मी माझी यादी सांगतो.

आधी संविधान, आणि त्यावरचे वाद

संविधानाची मराठी प्रत सहज मिळते. कलम १४ ते ३० एका रविवारी वाचून होतात. पण तिथे थांबू नका. संविधान सभेतल्या चर्चा वाचा. आपल्याकडे असा समज आहे की मुस्लिम सदस्यांनी तिथे फक्त मुस्लिमांपुरते मागितले आणि सगळे एका सुरात बोलले. दोन्ही खोटे आहे. मद्रासचे मोहम्मद इस्माईल स्वतंत्र मतदारसंघ मागत होते, तर बेगम ऐजाज रसूल, त्या सभेतल्या एकमेव मुस्लिम महिला, राखीव जागांनाही विरोध करत होत्या. कोण बरोबर, यावर आजही वाद घालता येईल. पण तो वाद घालायला दोघांची भाषणे वाचलेली हवीत.

आणि एक नाव तर आपल्या मातीतले आहे, तरी आपल्याला माहीत नाही: मध्य प्रांत व वऱ्हाडचे सदस्य काझी सय्यद करीमुद्दीन. डिसेंबर १९४८ मध्ये त्यांनी दुरुस्ती सुचवली की कोणाचेही घर, कागदपत्रे, वस्तू यांची मनमानी झडती घेता येऊ नये, हा मूलभूत हक्क असावा. डॉ. आंबेडकरांनी तिचा उपयोग मान्य केला, ती स्वीकारायची तयारीही दाखवली. शेवटी ती मंजूर झाली नाही. जवळजवळ सत्तर वर्षांनी, २०१७ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी खासगीपण हा मूलभूत हक्क असल्याचा निकाल दिला, आणि त्यात या जुन्या चर्चेचा ऊहापोह आहे.

करीमुद्दीन यांच्या मागणीत 'मुस्लिम' हा शब्द नव्हता, हे लक्षात घ्या. देशातल्या प्रत्येक घराच्या दारासाठी ती होती. आमच्या वाचन गटात हे वाचले तेव्हा बारावीतली एक मुलगी म्हणाली, "सर, हे आम्हाला शाळेत का नाही सांगितलं?" मी म्हणालो, शाळेने सांगितले नाही हे खरे, पण घरी, मदरशात, जलशात आपण तरी कुठे सांगितले?

जो अहवाल आपण रोज सांगतो, तो

सच्चर समितीचा अहवाल ३० नोव्हेंबर २००६ रोजी संसदेत मांडला गेला. तेव्हापासून आपली प्रत्येक सभा त्याच्या नावाने सुरू होते. 'मुसलमानांची अवस्था दलितांपेक्षाही वाईट, असे सच्चर म्हणतात', हे वाक्य मी स्वतः किमान वीस व्यासपीठांवरून बोललो आहे. अहवाल वाचल्यावर मला लाज वाटली. अहवालाचा एकूण निष्कर्ष असा की बहुतेक निकषांवर मुस्लिम समाज अनुसूचित जाती-जमातींच्या थोडा वर, पण हिंदू ओबीसींच्या खाली आहे. काही बाबतींत स्थिती त्याहून वाईट आहे, पण आपण करतो तसे सरसकट विधान तिथे नाही. आपल्या या चुकीच्या वाक्याने काय झाले? ज्या दलित बांधवांना सोबत घ्यायचे, त्यांच्याशीच दुःखाची स्पर्धा लावून बसलो.

शाळेत जाण्याच्या वयाच्या मुस्लिम मुलांपैकी मदरशात जातात फक्त सुमारे ३ टक्के, हेही त्याच अहवालात आहे. टीव्हीवर कोणी 'यांची मुले मदरशातच जातात' म्हणतो तेव्हा आपण चिडतो, पण हा आकडा समोर ठेवत नाही.

आणि दहावे प्रकरण? ते मुस्लिम ओबीसींवर आहे. अश्रफ, अजलाफ, अरजल हे शब्द तिथे छापलेले आहेत. 'आपल्यात जात नाही' असे सांगणाऱ्यांनी ते प्रकरण वाचावे आणि मग बागवान, तांबोळी, पिंजारी, अत्तार, छप्परबंद यांच्या मोहल्ल्यांत जाऊन सांगावे. मंडलनंतर जालन्याच्या शब्बीर अन्सारींसारख्या कार्यकर्त्यांनी मुस्लिम ओबीसींचे दाखले मिळावेत म्हणून महाराष्ट्र पिंजून काढला. त्यांना पहिला विरोध घरातूनच झाला. सच्चरसोबत राज्य सरकारने नेमलेल्या महमूदुर्रहमान समितीचा २०१३ चा अहवालही वाचा. तो तर थेट आपल्या महाराष्ट्राबद्दल आहे.

जे पटत नाही, तेही

इथे माझ्यावर दगड येतील, येऊ द्या. हमीद दलवाई वाचा. चिपळूणजवळच्या मिरजोळीचा हा माणूस. १९६६ मध्ये सात मुस्लिम महिलांचा मोर्चा मुंबईत सचिवालयावर घेऊन गेला, १९७० मध्ये पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन केले. आपल्याकडे त्यांना शिव्या देणारे पुष्कळ, त्यांची पूजा करणारेही पुष्कळ. दोन्हींपैकी वाचलेले थोडे. मला त्यांची सगळी मते पटत नाहीत. पण एकतर्फी तलाकबद्दल त्यांनी विचारलेल्या प्रश्नाला आपण पन्नास वर्षे उत्तर दिले नाही, म्हणून ते उत्तर शेवटी कोर्टाने आणि संसदेने दिले, आणि ते कसे दिले ते आपण पाहिले.

दलवाईंच्या शेजारी सोलापूरचे प्रा. फकरुद्दीन बेन्नूर ठेवा. मुस्लिम समाज म्हणजे एकसंध दगड नाही, त्याची भाषा, जाती, प्रांत वेगळे आहेत, हे त्यांच्याइतक्या चिकाटीने मराठीत फार थोड्यांनी मांडले. असगर अली इंजिनियर ठेवा, औरंगाबादचे मोईन शाकीर ठेवा. आणि १९३८ मध्ये देवबंदच्या मौलाना हुसैन अहमद मदनींनी लिहिलेले 'मुत्तहिदा कौमियत और इस्लाम' वाचा. राष्ट्र वतनाने बनते की धर्माने, यावर त्यांचा खुद्द इकबाल यांच्याशी वाद झाला होता. पाकिस्तानच्या कल्पनेला दाढी-टोपीतल्या आलिमाने दीनच्या भाषेत उत्तर दिले होते, हे ज्याला माहीत आहे, त्याला 'पाकिस्तानात जा' म्हणणाऱ्यासमोर मान खाली घालावी लागत नाही.

जुन्यातले वाचायचे तर इब्न खल्दून वाचा. चौदाव्या शतकात त्यांनी लिहिले की जुलूम वस्ती उजाड करतो, आणि जुलूम म्हणजे फक्त लूट नव्हे. वेठबिगार आणि अन्यायी करही त्यातच मोजले. पण त्याच शतकातले दिल्लीचे जियाउद्दीन बरनीही वाचा. खालच्या कुळातल्यांना शिकवू नका, असा सल्ला ते सुलतानांना देतात. नंतर जोतीरावांची 'गुलामगिरी' हातात घ्या. बरनी आपले म्हणून त्यांना माफी आणि मनू त्यांचा म्हणून त्याला शिक्षा, असा न्याय असतो का, हे स्वतःला विचारा.

"वाचून काय होतं?"

हा प्रश्न मला सगळ्यात जास्त विचारला जातो. "बुलडोझर पुस्तक बघून थांबतो का?" नाही थांबत. मी खोटी आशा विकणार नाही. पण १३ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की पाडकामापूर्वी किमान १५ दिवसांची नोटीस हवी आणि ऐकून घेणे हवे. रस्ता, पदपथ, नदीकाठ अशा सार्वजनिक जागेवरच्या बांधकामाला हे संरक्षण नाही, हेही त्याच निकालात आहे. ज्याने हे वाचले तो नोटीस आल्याच दिवशी वकिलाकडे जातो. ज्याने वाचले नाही तो चौदा दिवस नेत्याच्या दारात बसतो.

दुसरे म्हणतात, राजकारण गलिच्छ, आपण दूर राहावे. दूर राहून काय स्वच्छ झाले? आमच्या गटाने गेल्या वर्षी आमच्या नगरपरिषदेचा अर्थसंकल्प मिळवला. कंटाळवाणा कागद, नुसते आकडे. तीन रविवार लागले. आमच्या मोहल्ल्याच्या गटारासाठीची तरतूद दोन वर्षे कागदावर होती, खर्च शून्य. मुलांनी दहा रुपयांचा स्टॅम्प लावून माहितीचा अर्ज दिला. तीस दिवसांच्या आत उत्तर आले, आणि उत्तर हातात आल्यावर साहेबांचा आवाज बदलला. गटार अजून पूर्ण झालेले नाही. पण काम सुरू आहे, आणि ते 'आमच्या मेहेरबानीने' सुरू झाले असे आता कोणी म्हणू शकत नाही. शेजारच्या गल्लीतली बौद्ध आणि मातंग कुटुंबेही त्या अर्जावर आमच्यासोबत होती, पावसाळ्यात पाणी त्यांच्याही घरात शिरते.

म्हणून माझ्या यादीतले शेवटचे पुस्तक तुमच्या गावाचा अर्थसंकल्प आहे. त्याला लेखक नाही, पण तुमच्याबद्दल सगळ्यात स्पष्ट तेच बोलते.

पंचवीस पुस्तके एकदम नकोत. चार-पाच जण जमा, त्यात मुली असल्याच पाहिजेत, आणि एक कलम, एक प्रकरण, एक भाषण मोठ्याने वाचा. पटले नाही तर भांडा, पण पान समोर ठेवून भांडा. आणि पुढचा अध्यादेश निघेल तेव्हा पेढे जरूर वाटा. मात्र त्याच संध्याकाळी अधिवेशनाची तारीख बघा, सहा आठवडे मोजा आणि आमदाराला फोन लावा.