मतपत्रिकेची मागची बाजू

३१ ऑगस्ट २०२२. मिशिगन राज्याची राजधानी लान्सिंग. निवडणुकीतल्या अर्जांवर आणि निकालांवर शिक्कामोर्तब करणारं चार जणांचं मंडळ बैठकीला बसलं होतं. दोन सदस्य रिपब्लिकन, दोन डेमोक्रॅट. समोर होता एक नागरिकांचा अर्ज. त्यासाठी ७ लाख ५३ हजारांवर सह्या जमा झाल्या होत्या, लागणार होत्या सव्वाचार लाख. वाद सह्यांवर नव्हताच. अर्जाची छपाई करताना काही ओळींतले शब्द एकमेकांना चिकटले होते, मधली जागा जवळजवळ नाहीशी झाली होती. असा मजकूर वाचून मतदाराला काय कळणार, सबब अर्ज बाद करा, असा आक्षेप होता. मत पडलं दोन विरुद्ध दोन. बरोबरी झाली म्हणजे अर्ज अडला. आठ दिवसांनी राज्याच्या सर्वोच्च न्यायालयानं पाच विरुद्ध दोन मतांनी आदेश दिला: हा प्रश्न मतपत्रिकेवर गेलाच पाहिजे.

प्रश्न गर्भपाताच्या हक्काचा होता. त्याच वर्षी २४ जूनला अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं जवळजवळ पन्नास वर्षं टिकलेलं घटनात्मक संरक्षण काढून घेतलं आणि निर्णय राज्यांवर सोडला. मिशिगनमध्ये १९३१ सालचा, गर्भपाताला गुन्हा ठरवणारा कायदा पुस्तकात तसाच पडून होता. खालच्या न्यायालयाच्या स्थगितीमुळे तेवढा तो लागू झाला नव्हता. हा हक्क थेट राज्याच्या घटनेत लिहावा, असं त्या अर्जाचं म्हणणं. नोव्हेंबरच्या मध्यावधी निवडणुकीत सुमारे २४ लाख ८२ हजार लोक ‘हो’ म्हणाले, १९ लाखांच्या आसपास ‘नाही’ म्हणाले. त्याच दिवशी ग्रेचेन व्हिटमर दुसऱ्यांदा गव्हर्नर म्हणून दणदणीत निवडून आल्या. त्यांना मतं मिळाली २४ लाख ३० हजार. म्हणजे जिंकलेल्या उमेदवारापेक्षा प्रश्नाला मतं जास्त.

माझ्या दृष्टीनं त्या निवडणुकीतला सगळ्यात महत्त्वाचा आकडा हाच. अमेरिकेतल्या मध्यावधी निवडणुकांच्या बातम्या आपल्याकडे वॉशिंग्टनपाशी सुरू होतात आणि तिथंच संपतात: सिनेट कुणाचं, हाऊस कुणाचं, अध्यक्षाला दणका बसला की नाही. राज्याराज्यांतल्या मतदाराच्या हातात त्या दिवशी याहून कितीतरी मोठी गोष्ट असते, आणि तिच्याविषयी आपण फारसं बोलत नाही याची मला मनापासून खंत वाटते.

माझी मावसबहीण डेट्रॉईटजवळच्या नोव्हायमध्ये राहते. तिनं मला घरपोच आलेली तिची मतपत्रिका व्हिडिओ कॉलवर दाखवली होती. लांबलचक कागद, पेनानं भरायचे लहान लहान लंबगोल. सगळ्यात वर एकच गोल भरून अख्ख्या पक्षाला मत देण्याची सोय. खाली गव्हर्नर, राज्याचा महाधिवक्ता, संसदेचा प्रतिनिधी, राज्याच्या दोन्ही सभागृहांचे उमेदवार, विद्यापीठांच्या नियामक मंडळाचे सदस्य, मग न्यायाधीश, मग शाळा मंडळ. कागद उलटला की मागं तीन प्रस्ताव. प्रत्येकाचा गोषवारा शंभर शब्दांच्या आत बसवावा लागतो, तसं राज्याच्या घटनेतच म्हटलं आहे. खाली दोनच गोल: हो, नाही. तिथं ना पक्षाचं नाव, ना कुणाचा चेहरा. पुढच्या बाजूला पक्षाला मत दिलेला माणूस मागच्या बाजूला त्या पक्षाला न रुचणारं मतही देऊ शकतो. दिलंही तसंच. व्हिटमर यांच्याविरुद्ध मत देणाऱ्या कितीतरी जणांनी प्रस्तावांना ‘हो’ म्हटलं असणार, नाहीतर वरचा हिशेब जुळतच नाही.

मागच्या बाजूच्या या ताकदीची खरी गोष्ट त्याआधीच्या, २०१८च्या मध्यावधी निवडणुकीची आहे. मिशिगनमध्ये मतदारसंघांच्या सीमा आमदारच आखत. २०१२मध्ये राज्याच्या कनिष्ठ सभागृहासाठी डेमोक्रॅटिक उमेदवारांना मिळून निम्म्याहून जास्त मतं पडली, तरी बहुमत रिपब्लिकनांचंच राहिलं, ५९ विरुद्ध ५१. नकाशाच तसा बेतलेला होता. ज्यांच्या हातात नकाशा, ते तो कशाला बदलतील? नोव्हेंबर २०१६मध्ये केटी फेही नावाच्या २७ वर्षांच्या तरुणीनं फेसबुकवर दोन ओळी टाकल्या: मिशिगनमधली ही मतदारसंघांची तोडमोड थांबवायची आहे, कुणी येणार का बरोबर? राजकारणाचा तिला काडीचा अनुभव नव्हता. त्या दोन ओळींतून ‘व्होटर्स नॉट पॉलिटिशियन्स’ ही संघटना उभी राहिली. सीमा आखण्याचं काम आमदारांकडून काढून नागरिकांच्या आयोगाकडे द्यावं, हा तिचा प्रस्ताव. सही जमवण्यासाठी पैसे घेणारी माणसं तिथं सर्रास मिळतात, यांनी एकही लावला नाही. स्वयंसेवक पॅड आणि पेन घेऊन राज्यभर हिंडले आणि चार महिन्यांच्या आत सव्वाचार लाख सह्या जमवल्या. तेव्हा गरज होती ३ लाख १६ हजारांची. पुढं हा प्रस्तावही न्यायालयातून एका मताच्या फरकानं, चार विरुद्ध तीन, वाचला. नोव्हेंबरात ६१ टक्के लोकांनी त्याला ‘हो’ म्हटलं.

आता सीमा आखतो तेरा नागरिकांचा आयोग: चार डेमोक्रॅट, चार रिपब्लिकन, पाच कुठल्याच पक्षाचे नसलेले. आलेल्या अर्जांतून चिठ्ठ्या टाकाव्यात तशी निवड. काम सगळं उघड्यावर, सुनावण्या गावोगाव. २०२२मध्ये त्या नव्या नकाशावर पहिली निवडणूक झाली, आणि राज्याची दोन्ही सभागृहं आणि गव्हर्नरपद हे तिन्ही एकाच वेळी सुमारे चाळीस वर्षांनी डेमोक्रॅटांकडे आले. कनिष्ठ सभागृहात ५६-५४, वरिष्ठ सभागृहात २०-१८. काठावरचं बहुमत, म्हणजे काठावरच्या राज्याला शोभेल असंच.

याच नकाशाची दुसरी बाजू मराठी वाचकानं तरी बघायलाच हवी. त्याच निवडणुकीत डेट्रॉईटच्या मोठ्या भागातून, १३व्या मतदारसंघातून, संसदेवर निवडून गेले श्री ठाणेदार. मूळचे बेळगावकडचे, ‘ही श्रींची इच्छा’ हे मराठी आत्मचरित्र त्यांचंच. २०१८मध्ये ते गव्हर्नरपदाच्या उमेदवारीसाठी लढले आणि व्हिटमर यांच्याकडून हरले होते. २०२२च्या प्राथमिक फेरीत नऊ उमेदवारांच्या गर्दीत २८ टक्के मतांवर त्यांनी बाजी मारली. आपल्या माणसाचा अभिमान मलाही वाटला. पण बहुसंख्य कृष्णवर्णीय वस्तीच्या डेट्रॉईटला १९५५पासून प्रथमच एकही कृष्णवर्णीय खासदार उरला नाही, हेही त्याच दिवशी घडलं. नव्या नकाशात शहराचे तुकडे उपनगरांना जोडले गेले होते. डिसेंबर २०२३मध्ये संघीय न्यायालयानं डेट्रॉईट परिसरातले राज्य विधिमंडळाचे तेरा मतदारसंघ रद्द केले: सीमा आखताना वंशाचा आधार वाजवीपेक्षा जास्त घेतला म्हणून. संसदेचे मतदारसंघ त्या निकालात नव्हते, पण डेट्रॉईटकरांचं दुखणं तेच होतं. आयोगाला पुन्हा कामाला बसावं लागलं. प्रामाणिक नागरिकांच्या हातूनही एका समाजाचा आवाज दबू शकतो, हे या पद्धतीच्या चाहत्यांनी मान्य केलं पाहिजे. मी चाहता आहे आणि मान्य करतो. तरी चूक उघड्यावर झाली, लोकांना ती दिसली, न्यायालयात नेता आली. बंद खोलीतल्या नकाशाबाबत हे होत नाही.

आपल्याकडे लोकसभा-विधानसभेच्या सीमा निवृत्त न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालचा आयोग आखतो, ते चांगलंच आहे. पण प्रभागरचना? मुंबई महापालिकेचे २२७ प्रभाग एका सरकारनं २३६ केले, दुसऱ्यानं येऊन पुन्हा २२७ केले, आणि ज्यांच्या गल्लीतून ती रेषा गेली त्यांना शेवटपर्यंत कुणी धड विचारलं नाही. हरकती मागवल्या म्हणजे विचारलं असं होत नाही. आपल्या भागात असा थेट सवाल मोठ्या प्रमाणावर एकदाच विचारला गेला, १६ जानेवारी १९६७ला गोव्यात. महाराष्ट्रात विलीन व्हायचं की वेगळं राहायचं, फूल की दोन पानं. दोन पानं जिंकली. इकडं अनेकांना ते फार लागलं, पण निकाल सगळ्यांनी मानला, कारण उत्तर स्वतः गोवेकरांनी दिलं होतं. प्रभागरचनेसारख्या प्रश्नावर शहरातल्या मतदारांना तसं विचारायला काय हरकत आहे, हे मला आजवर कुणी पटवून देऊ शकलेलं नाही.

मिशिगनच्या १९६३च्या घटनेत आणखी एक तरतूद आहे, तिच्यासाठी कुणाला सह्याही जमवाव्या लागत नाहीत. दर सोळा वर्षांनी मतदारांना आपोआप विचारलं जातं: राज्याची घटना मुळापासून तपासण्यासाठी परिषद बोलवायची का? १९७८, १९९४ आणि २०१०, तिन्ही वेळा लोक ‘नको’ म्हणाले. पुढची पाळी नोव्हेंबर २०२६ची, पुन्हा मध्यावधीचीच. गव्हर्नर कोण आणि सिनेटर कोण याच्या बातम्या तेव्हा ढिगानं येतील. त्यांच्याबरोबर या प्रश्नाचं उत्तरही आपल्या वर्तमानपत्रांनी छापावं, एवढी माझी मागणी आहे.