श्रमाचा इतिहास आणि कॅमेऱ्याची साक्ष

मुंबईच्या कापड गिरण्यांत विणकाम खात्याची मजुरी इतर खात्यांपेक्षा अधिक होती. परंतु तेथे अस्पृश्य कामगारांना प्रवेश नव्हता. धोट्यातून सूत तोंडाने ओढून घ्यावे लागे आणि त्या ओठांचा विटाळ सवर्ण कामगारांना चालत नसे. १९२८ च्या संपाच्या वेळी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांसमोर ठणकावून मांडला. मजुरी आणि जात एकाच धाग्यात किती घट्ट गुंतल्या होत्या, हे सांगणारा हा प्रसंग. त्या खात्याच्या दाराबाहेर थांबलेल्या माणसाचा चेहरा मात्र आपल्यापाशी नाही; कारण तो टिपून ठेवण्याची गरज कुणाला वाटली नाही.

म्हणूनच माहितीपटाचे मोल मोठे आहे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात झालेल्या गोळीबारात दहा जणांचे प्राण गेले. त्या आघाताने चौथ्या दिवशी शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवले. वृत्तपत्रांचे लक्ष काही काळाने दुसरीकडे वळले. दिग्दर्शक आनंद पटवर्धन मात्र या प्रश्नापाशी चौदा वर्षे थांबले आणि २०११ मध्ये ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला. बातमी घटना सांगते. असा माहितीपट घटनेनंतर माणसे कशी जगली, कशी लढली आणि कशी गायली, हे सांगतो. न्याय लांबतो तेव्हा ही साक्ष अधिकच मोलाची ठरते.

तरीही एक प्रश्न आपण स्वतःला विचारला पाहिजे. आपली कथा नेहमी दुसऱ्यानेच का टिपावी? आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. त्यात लग्ने आहेत, जयंतीच्या मिरवणुका आहेत. परंतु आईने वेचलेला कचरा, आजोबांनी ओढलेली हातगाडी, वडिलांची ऊसतोड त्यात नाही. शिक्षणाने आपल्याला वर आणले. पण ज्या श्रमावर ते शिक्षण उभे राहिले, त्याचा उल्लेख करताना आपली जीभ अजून अडखळते. ही लाज आपली नव्हे. ती ज्या व्यवस्थेने लादली, तिची आहे.

वेळ थोडा आहे. १९८२ च्या संपात सुमारे अडीच लाख गिरणी कामगार उतरले होते. त्या वेळी पंचविशीत असलेला कामगार आज सत्तरीला टेकला आहे.

माजी विद्यार्थ्यांना माझी विनंती आहे. घरी जाल तेव्हा वडीलधाऱ्यांजवळ तासभर बसा आणि त्यांच्या परवानगीने त्यांचे बोलणे मुद्रित करा. काम कोणते होते, मजुरी किती मिळे, पाणी कोठे प्यावे लागे, हे विचारा. त्यांना दयेचा विषय करू नका. त्यांचे नाव, गाव आणि तारीख नोंदवा. अशा ध्वनिचित्रफितींचा एक संग्रह आपल्या शाळेच्या ग्रंथालयात उभा राहिला, तर पुढच्या पिढीला आपला इतिहास उसना घ्यावा लागणार नाही.